चिंचोक्यांत मांडलेलं नाव

चव्वेचाळीस सालची गोष्ट. लढाईमुळं पेट्रोल मिळेना, म्हणून नगरहून सोनईकडे जाणारी आमची सर्व्हिस मोटार कोळशाच्या गॅसवर चालायची. चालायची कसली, चढ आला की उतारूंनी खाली उतरून ढकलायची. अशाच एका चढावर माझी पिशवी फाटली आणि तीन शेर चिंचोके रस्ताभर झाले.

मी वैतागून वेचायला बसले, तर समोर आणखी दोन हात वेचायला लागले. पांढरा शर्ट, कोपरापर्यंत दुमडलेल्या बाह्या... आणि ओठांवर दाबून धरलेलं हसू.

"एवढे चिंचोके कशाला?"

"अक्षरं शिकवायला."

दाबलेलं हसू सुटलं. मला असा राग आला की मी सगळंच ऐकवलं. मी अंबिका, सोनईत बायकांचा साक्षरता वर्ग चालवते. बाराजणी आहेत. राहीबाईंची बोटं चालली की डोकं चालतं, म्हणून त्या चिंचोके मांडून अक्षर शिकतात. रंगुबाईंना बारीक दिसत नाही, त्यांना जमिनीवर राखेनं हातभर अक्षर काढून द्यायचं. छबूबाईंना ओवीची चाल लावून दिली की पानभर पाठ.

"म्हणजे बाराजणींना बारा तऱ्हा? मग पाटी कुणाला?"

"जिला जमते तिला."

"आणि माझ्या नावाला किती चिंचोके लागतील?"

"नाव कळल्यावर सांगते."

"मग नाही सांगत," तो म्हणाला, "पुढच्या सोमवारपर्यंत तरी."

पुढच्या सोमवारीही सांगितलं नाही. पण खिडकीजवळची जागा माझ्यासाठी धरून ठेवली होती, आणि रुमालात बांधलेले चिंचोके. काय करता म्हणून विचारलं तर म्हणे, "नगरला कारकुनी, सोमवारी या बाजूची फिरती." मी दर सोमवारी त्याच्याशी कडाकडा भांडायची. सगळ्यांना एकच माप हवं, असं तो म्हणायचा, आणि मी म्हणायची, मग सगळ्यांना एकाच मापाची चोळी शिवून दाखवा. तो लाजून बाहेर बघायचा. खरं सांगते, मला रविवार फार लांब वाटायला लागला होता.

माघात साक्षरता समितीचा कागद आला. परीक्षेत बारापैकी किमान दहाजणी पास झाल्या नाहीत तर वर्ग बंद. माझी झोप उडाली. इतक्या कष्टानं चुलीपुढून उठून आलेल्या या बायका पुन्हा चुलीपुढं जाऊन बसणार होत्या.

परीक्षेच्या दुपारी चावडीमागच्या पडवीत परीक्षक आले. पांढरा शर्ट, दुमडलेल्या बाह्या...

"कारकुनीच आहे ही," तो हळू आवाजात म्हणाला. "आधी सांगितलं असतं तर तुम्ही भांडला नसतात."

मी चिंचोक्यांची पिशवी राहीबाईंपुढं ठेवली.

सगळ्यांना एकच छापील चिठ्ठी होती : 'बन्सी मोट हाकतो. विहिरीला पाणी आहे.' पहिल्या राहीबाई. त्यांनी चिठ्ठी बघितली, पदर पुढं ओढला आणि गप्प बसल्या. तो थांबला. मग नापासाचा शेरा लिहायला टाक दौतीत बुडवला.

"थांबा. त्यांना येतंय," मी म्हणाले.

"मग वाचत का नाहीत?"

"बन्सी त्यांच्या नवऱ्याचं नाव आहे."

"आमच्यात धन्याचं नाव तोंडानं घेत न्हाईत, सायेब," छबूबाई म्हणाल्या.

तो गोंधळला. "पण नियमात वाचून दाखवायचं आहे..."

"तोंडानंच दाखवायचं, असं कुठं लिहिलंय?"

त्यानं नियमांचा कागद काढला. वरपासून खालपर्यंत वाचला, पुन्हा वाचला. माझ्याकडे बघितलं. "नाही लिहिलेलं," तो म्हणाला.

राहीबाईंनी वाट बघितलीच नाही. भराभर चिंचोके मांडले : बन्सी. मग पुढचं खणखणीत वाचलं, आणि चिठ्ठी खाली ठेवत म्हणाल्या, "पर हे खोटं हाय सायेब. आमच्या हिरीला पानी न्हाई, पार आटलीय."

सगळी पडवी हसली. तोही हसला, पण या वेळी मला राग आला नाही. त्यानं टाक बाजूला ठेवला आणि म्हणाला, "रंगुबाईंसाठी राख आणा."

रंगुबाईंनी हातभर अक्षरं वाचली. छबूबाईंनी ओवीच्या चालीवर. चौघींनी पाटीवर लिहून दाखवलं. दिवस कलायच्या आत बाराच्या बारा पास झाल्या आणि मी भरल्या पडवीत सगळ्यांसमोर रडले.

छबूबाईंनी निकालाचा कागद माझ्यापुढं धरला. "बाई, खाली सही केलीय ते सायबांचं नाव काय वो? वाचून दावा की."

मी बघितलं. सुमंत. तोंड उघडलं... आणि आवाजच फुटेना. कान तापले. तो समोरच उभा होता.

राहीबाईंनी एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा त्याच्याकडे. मग चिंचोक्यांचा ढीग माझ्यापुढं सरकवला. "मांडा, बाई. चालतंय म्हनून आत्ताच ठरलंय."

मी मांडलं. तो समोर उकिडवा बसून एकेक मोजत गेला.

"एकोणचाळीस," तो हलकेच म्हणाला. "किती सोमवार विचारत होतो... अंबिका, मी मात्र तोंडानंच विचारतो. नगरला तुमच्या वडिलांना भेटायला येऊ?"

मी मान हलवली.

"तोंडानं सांगा ना."

"तसं कुठं लिहिलंय?" मी म्हणाले.