इर्माबाईंचं फाडलेलं स्वगत

लंडनला चार वर्षं नाटक शिकून मी परत आले, तेव्हा वाटलं होतं, हंगेरीतल्या आमच्या तिसा नदीकाठच्या नाट्यगृहात शोल्तेस इर्माबाईंचा निदान एक अर्धपुतळा तरी असेल. फिरत्या कंपनीबरोबर सोळाव्या वर्षी आलेली ही मुलगी; पुढे तिचे सिनेमे बुडापेस्टमध्ये महिनोन्‌महिने चालले. पुतळा नव्हताच. होतं ते रंगमंचाच्या पुढच्या कडेला, फळ्यांत बसवलेलं, नटांना विसरलेले शब्द पुरवणाऱ्या प्रॉम्प्टरचं खोकं. आत एक खुर्ची.

मी बसवत होते त्या नाटकासाठी रंगमंच मोकळा हवा म्हणून ते उखडायचं मी ठरवलं. सुतार दुसऱ्या दिवशी सकाळी यायचा होता.

"आठ वर्षं इर्माबाई त्यात बसल्या," कपडेपटाच्या तेर्कामावशी म्हणाल्या. "उखड, पोरी. लंडनात खोकी नसतील."

मग त्यांनीच सांगितलं. एकोणीसशे पन्नास साली बाईंनी एका नाटकाचं शेवटचं स्वगत म्हटलं आणि सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाच्या माणसांनी ते पान सगळ्या प्रतींतून फाडलं. बाईंना रंगमंच बंद, सिनेमा बंद. पगार हवा तर प्रॉम्प्टिंग करा. बाई आपल्याच भूमिकेचे शब्द दुसऱ्या नटीला पुरवत राहिल्या, घसा टिकावा म्हणून तोंडात काळी गोळी धरून. बंदी उठून त्या पुन्हा उभ्या राहिल्या त्या दिवशी प्रेक्षक अर्धा तास एका ठेक्यात टाळ्या वाजवत होते. पण ते स्वगत त्यांनी परत म्हटलं नाही, कुणाला सांगितलंही नाही. गेल्या हिवाळ्यात, वयाच्या नव्वदाव्या वर्षी, त्या गेल्या.

आणि मी तेच नाटक बसवत होते. शेवटाशिवाय.

दुपारी सगळे जेवायला गेल्यावर प्रकाश बघायला मी नायिकेच्या जागी उभी राहिले. संहितेतलं अखेरचं वाक्य सहज म्हटलं, "दार उघडं ठेवा."

घशाच्या गोळीचा वास आला. मग खोक्यातून, अगदी हळू...

"आणि दिवा..."

आवाज थांबला. शब्द पुरवून प्रॉम्प्टर नटासाठी थांबतो, तसा.

"आणि दिवा..." मी म्हटलं.

"...विझवू नका. माझी माणसं अंधारातून यायची आहेत..."

एकेक ओळ येत गेली, मी म्हणत गेले. भीती होती, पण असं वाटत होतं की आयुष्यात पहिल्यांदाच मी रंगमंचावर उभी आहे.

दार करकरलं. आवाज तुटला. विंगेत तेर्कामावशी सूपचं भांडं घेऊन उभ्या होत्या.

"हे... हे तेच आहे," त्या पुटपुटल्या. "मी आठ वर्षांची होते, वर गॅलरीत. शब्द विसरले होते. पण हे तेच..."

मी खोक्यात वाकून पाहिलं. कुणी नव्हतं. खुर्चीची गादी कोमट होती. खोक्याच्या काठावर अर्धी चोखलेली काळी गोळी, अजून ओली.

सकाळी सुताराला मी दारातूनच परत पाठवलं. शनिवारी पहिला प्रयोग आहे आणि स्वगताचा उरलेला भाग कुणालाच ठाऊक नाही. नायिकेला सांगितलं, "जेवढं पाठ आहे तेवढं म्हण. मग थांब आणि खोक्याकडे बघ."

खुर्चीवर मी कुणालाही बसवणार नाही.