वीस डेसिबलचा गुन्हा

फोन सकाळी सव्वानऊला आला आणि पलीकडच्या बाईंनी नमस्कारसुद्धा केला नाही.

"मशीन खोटं बोलतंय. लगेच या."

इंजिनियर तीस वर्षं कान तपासायची यंत्रं दुरुस्त करत होता. यंत्रं तापतात, अडकतात, बंद पडतात. खोटं बोलायला लागणारी कल्पकता त्याला अजून एकाही यंत्रात आढळली नव्हती. पण हे फोनवर सांगून उपयोग नसतो. त्याने पिशवी उचलली.

दवाखाना दोन खोल्यांचा. बाहेर टेबल, बाक आणि अपॉइंटमेंटची वही. आत कॉम्प्युटर, हेडफोन आणि रुग्णाला बसवायची काचेची बंद केबिन. भिंतीवर डॉक्टरांच्या स्वतःच्या कानांचे आलेख ओळीने लावलेले, दर वर्षाचा एक, तारखेसकट. लोक घरात मुलांचे फोटो लावतात. डॉक्टरांना मूल नव्हतं आणि कान उत्तम होते.

फोन करणाऱ्या बाई म्हणजे डॉक्टरांच्या पत्नी. वही त्या सांभाळायच्या, फोन त्या घ्यायच्या, सगळे त्यांना काकू म्हणायचे. त्यांनी बाकाकडे बोट केलं.

बाकावर एक तरुण आई बसली होती. शिवणकाम करणारी; बोटाला अजून दोरा चिकटलेला होता. शेजारी तिची चार वर्षांची मुलगी डब्यातली बटणं रंगाप्रमाणे लावत होती. आईच्या हातात दोन कागद होते.

"हा इथला, सहा महिन्यांपूर्वीचा. वीस डेसिबल. म्हणजे कान ठणठणीत. आणि हा परवाचा, मोठ्या हॉस्पिटलातला. चाळीस."

समोर उभे असलेले डॉक्टर तिच्या चेहऱ्याकडे एकटक बघत होते. "चाळीस म्हणजे आपण बोलतो त्यातलं निम्मं हिच्यापर्यंत पोचत नाही," ते म्हणाले.

"तुम्ही म्हणाला होतात, कानात दोष नाही, मुलगी हट्टी असेल." आईचा आवाज चढला नाही, तेच वाईट होतं. "हाक मारली आणि आली नाही, की मी तिला मारायचे. सहा महिने मारत होते, डॉक्टर."

मुलीने निळं बटण निळ्यांत ठेवलं. आपल्याविषयी बोलणं चाललं आहे हे तिला कळलं नव्हतं.

डॉक्टर इंजिनियरकडे वळले. "मला एवढंच सांगा. चूक यंत्राची की माझी? माझी असेल तर पाटी आजच उतरवतो. माझ्या वडिलांना ऐकू येईना झालं, तेव्हा त्यांना मागच्या खोलीत बसवलं होतं. अकरा वर्षं ते भिंतीकडे बघत बसले. मी तसा बसेन, पण लोकांच्या मुलांच्या कानांशी खेळणार नाही."

काकू वहीची पानं उलटत होत्या. वाचत नव्हत्या.

इंजिनियरने हेडफोन आवाज मोजायच्या मीटरला लावला. यंत्र म्हणालं, साठ देतंय. मीटर म्हणाला, ऐंशी मिळाले. दुसरा हेडफोन लावला, पुन्हा ऐंशी. वायर बदलली, तरी ऐंशी. सरकारी उत्तरासारखं, कुठूनही विचारा, तेच.

म्हणजे यंत्र प्रत्येकाला वीस डेसिबल जास्त ऐकवत होतं. चाळीसवरच ऐकू येणारं मूल कागदावर वीसला ऐकत होतं. वर्षभरापूर्वीच्या तपासणीत तर सगळं काटेकोर होतं. ती तपासणी त्यानेच केली होती.

त्याने डॉक्टरांच्या मदतनीस मुलीला आत बोलावलं.

"प्रोग्रॅममध्ये तुम्ही काही बदललंत?"

"मी? मला माउसला हात लावायचा तर अर्ज करावा लागतो. एकदा पेनड्राइव्ह लावला, तर काकूंनी असं बघितलं की मीच बाहेर पडले, पेनड्राइव्ह आतच राहिला."

"किती दिवस झाले इथे?"

"तीन महिने."

"रोज सकाळी हेडफोन कोण तपासतं?"

"सर स्वतः. पस्तीसवर आवाज लावतात, कानाने ऐकतात आणि वहीत 'ठीक' लिहितात. मी म्हटलं मी करते, तर म्हणाले, कान अनुभवी लागतो."

त्याने ती वही मागवली. रोजची तारीख, रोजचं 'ठीक', खाली सही. एकही दिवस चुकलेला नव्हता. इंजिनियर त्या पानांकडे नको इतका वेळ बघत राहिला.

मग तो टेबलाखाली शिरला आणि तिथूनच मोठ्याने म्हणाला, "डॉक्टर, मधे प्रोग्रॅम नव्याने टाकला होता का?"

उत्तर नाही. तो बाहेर आला. डॉक्टर दोन हातांच्या अंतरावर, पाठ करून उभे होते. काकू लगबगीने आल्या, वळसा घालून नवऱ्यासमोर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "अहो, ते विचारतायत, प्रोग्रॅम नवा टाकला होता का?"

"नाही," डॉक्टर म्हणाले. "जरा स्पष्ट बोलत चला हो. हल्ली सगळेच तोंडातल्या तोंडात बोलतात."

इंजिनियरने प्रोग्रॅमचं फोल्डर उघडलं. मदतनीस मुलगी मागून डोकावली.

"या सगळ्या डीएलएल फाइली ना? एखादी बिघडली असेल तर नेटवरून उतरवू या. फुकट मिळतात."

"रस्त्यात सापडलेली गोळीही फुकटच असते. घेता का?" तो म्हणाला. "हे बघा. प्रोग्रॅम म्हणजे मोठा साहेब. स्वतः काही करत नाही. प्रत्येक कामाला एकेक कारकून, तो कारकून म्हणजे डीएलएल. काही कारकून सगळ्या ऑफिसला सामाईक असतात, ते विंडोजच्या फोल्डरात बसतात. काही याच साहेबाचे खास, ते याच्याच केबिनमध्ये. साहेब नावाने हाक मारतो, आणि आधी आपल्याच केबिनमध्ये बघतो. त्या नावाचा जो कोणी बसला असेल, त्याला काम देतो. चेहरा बघत नाही."

"म्हणजे त्याच नावाचा दुसराच बसवला तर?"

"तर साहेब तक्रार करत नाही. फाइल नसती तर प्रोग्रॅम उघडलाच नसता, बोंब झाली असती. आहे, पण चुकीची आहे, म्हणून सगळं शांत."

हेडफोनचा हिशेब सांभाळणारी ती एक फाइल होती. त्याने तिची माहिती उघडली. शेवटचा बदल: सहा वर्षांपूर्वी. या फोल्डरात आली: आठ महिन्यांपूर्वी, दुपारी एक वाजून दहा मिनिटांनी.

"आधी बदल आणि नंतर जन्म?" मुलगी म्हणाली.

"कॉपी केली की असंच दिसतं. फाइल जुनी, इथे नवीन. कोणीतरी आणून बसवली."

तुम्ही तीन महिन्यांच्या, तुम्ही सुटलात, असं म्हणून त्याने तिला चहा घ्यायला पाठवलं. मग डेस्कटॉप बघितला. खाली कोपऱ्यात एक फोल्डर होतं. नाव: 'परत ठेवायचं'. आत एकच फाइल. तेच नाव, पण खरी, नव्या हेडफोनची.

तो बाहेर आला, अपॉइंटमेंटची वही उघडली, त्या तारखेचं पान काढलं. दुपारी दीडला एकच नोंद होती. काकूंच्या अक्षरात: 'स्वतः'. मग तो आत जाऊन भिंतीवरचा शेवटचा आलेख बघून आला. तारीख तीच.

त्याने दोघांना आतल्या खोलीत बसायला सांगितलं. आई दारात उभी राहिली. तिला जा म्हणायचं धाडस कोणालाच झालं नाही.

इंजिनियर डॉक्टरांच्या बरोबर समोर बसला, तोंड उजेडाकडे करून, आणि एकेक शब्द सुटा बोलू लागला.

"यंत्र वीस डेसिबल मोठ्याने बोलत होतं. आठ महिने. आणि आठ महिने तुम्ही रोज ते कानाला लावून 'ठीक' लिहीत होतात. अनुभवी कान पहिल्याच दिवशी दचकला असता, डॉक्टर. तो दचकला नाही, याचा अर्थ एकच. यंत्र जितकं जास्त ऐकवत होतं, तितकंच तुमच्या कानाला कमी ऐकू येत होतं. दोन चुकांची बेरीज शून्य. म्हणून वहीत सगळं ठीक."

 डॉक्टरांनी भिंतीवरच्या आलेखांकडे बघितलं नाही.

"आता फाइल कोणी बदलली? रुग्णांचे आकडे चांगले दिसून कोणाचा फायदा? कोणाचाच नाही. रुग्ण बरा दिसला तर दवाखान्याला श्रवणयंत्रही विकता येत नाही. त्या दुपारी एकच माणूस तपासला गेला, तुम्ही. तुमचा आलेख चांगला यावा असं ज्याला वाटत होतं, त्यानेच बदलली. आणि ज्याला जुनी फाइल काय करते हे माहीत होतं, त्याने. ते मीच सांगितलं होतं." इथे इंजिनियर प्रथमच अडखळला. "तीन वर्षांपूर्वी हेडफोन बदलले, तेव्हा जुन्या, मंद हेडफोनला जास्त आवाज देणारी जुनी फाइल मी काढून बाजूला ठेवली. चहा द्यायला आलेल्या माणसाला गंमत म्हणून म्हणालो, ही परत टाकलीत तर म्हातारेसुद्धा तरुण होतील. मीही हसलो, त्याही हसल्या."

काकू उभ्या राहिल्या.

"फक्त दोन तासांसाठी," त्या म्हणाल्या. "तेवढ्यासाठीच. तुम्हाला वर्षभरापासून ऐकू येत नव्हतं हो. मी मागून हाका मारून बघायचे. तो कागद खराब आला असता तर तुम्ही पाटी उतरवली असती आणि मागच्या खोलीत जाऊन बसला असता. म्हटलं, एक वर्ष मिळू दे. पण मी परत ठेवली होती! तीन वाजता, माझ्या हातांनी."

"ठेवायला गेलात," इंजिनियर हळूच म्हणाला. "त्यावर खिडकी आली असेल."

"आली होती. फाइल वापरात आहे, असं काहीतरी. खाली 'वगळा' लिहिलं होतं. ते दाबलं आणि खिडकी गेली."

"यांचा प्रोग्रॅम उघडा होता, काकू. स्वतःची चाचणी झाली तरी यांनी तो बंद केला नव्हता. कामावर बसलेल्या कारकुनाला विंडोज उठवत नाही. 'वगळा' म्हणजे राहू दे, तोच बसू दे. तुमची खरी फाइल अजून डेस्कटॉपवर आहे. चोर आपल्या फोल्डरला 'परत ठेवायचं' असं नाव देत नाही. तुम्ही परत ठेवणार होता हे मला तिथेच कळलं, आणि ठेवली गेली नाही हेही."

 आठ महिने काकू ज्या गोष्टीला संपलेली समजत होत्या, ती रोज सकाळी नऊपासून चालू होती. त्यांनी दाराकडे बघितलं. आईने मान दुसरीकडे वळवली.

"किती जण?" डॉक्टरांनी विचारलं.

"एकशे सोळा," काकू म्हणाल्या. मघापासून त्या वहीत तेच मोजत होत्या. "त्यात लहान मुलं एकतीस."

डॉक्टर बराच वेळ बायकोच्या ओठांकडे बघत राहिले, जणू अजून काही यायचं होतं.

"मला वाटायचं, तू हळू बोलायला लागलीस," शेवटी ते म्हणाले. "आलेख सांगत होता कान चांगले आहेत. मग म्हटलं, हिचंच काहीतरी बिनसलंय. माझ्यावर रागावली असेल, म्हणून पुटपुटते. आठ महिने मी विचार करत होतो, माझं काय चुकलं."

काकूंच्या तोंडून शब्द फुटला नाही. फुटला असता तर त्यांना ओठांवरून कळला असता. ते समोरच बघत होते.

इंजिनियरने प्रोग्रॅम आधी बंद केला आणि मग फाइल बदलली. मीटर लावला. साठ म्हणजे साठ. काम अर्ध्या मिनिटाचं होतं. तो आईजवळ जाऊन म्हणाला, "आता बरोबर आहे." आईने मुलीच्या खांद्यावर हात ठेवून तिला आपल्याकडे वळवलं, खाली वाकली, अगदी चेहऱ्यासमोर आली आणि म्हणाली, "चल, घरी." मुलगी हसून उठली. दोघी गेल्या.

डॉक्टर केबिनकडे निघाले होते.

"अहो, आज नको," काकू म्हणाल्या, पण पाठीमागून.

त्यांनी आत बसून स्वतःच हेडफोन चढवला, काचेतून बायकोकडे बघितलं आणि बटणाकडे बोट दाखवलं. आवाज आला की बोट वर करायचं. हा नियम त्यांनी हजारो लोकांना शिकवला होता.

काकू यंत्रासमोर बसल्या. पंचवीस. बोट खाली. पस्तीस, खाली. पंचेचाळीस, खाली. त्यांनी पदराने डोळे पुसले आणि थांबल्या. पुढचं बटण दाबवेना.

काचेपलीकडे डॉक्टर डोळे मिटून, सगळं अंग कान करून बसले होते. आणि मग त्यांचं बोट वर गेलं. चेहरा उजळला.

काकूंनी बटण दाबलं नव्हतं.

त्यांनी पेन उचललं, एकदा इंजिनियरकडे बघितलं आणि कागदावर पंचेचाळीससमोर लिहिलं: ऐकू आलं नाही. मग पंचावन्न दाबलं.