जेवायला बसलेले कोट

आमचं काम जुन्या फिल्म दुरुस्त करायचं. नवरा-बायको दोघंच. मी भिंगाखाली एकेक चित्र बघत फाटकं जोडते, हे मशीनवर लावून पडद्यावर बघतात. ह्यांचा स्वभाव असा थट्टेखोर, की माझा त्यांच्यावर काडीचा विश्वास नाही.

परवा एक छोटा मूकपट आला. फार जुना, कुणा हौशी मंडळींनी केलेला, नुसता वेडेपणा. यजमान पाहुण्यांचे कोट उतरवून खुर्च्यांवर बसवतो आणि पाहुण्यांना कॉलरला धरून खुंट्यांवर टांगतो. मग कोटांना सूप वाढतो. कोट जेवतात, पाहुणे वर पाय झाडतात. हे पोट धरधरून हसले. मलाही हसू आवरेना.

दुसऱ्यांदा बघताना मात्र मनात पाल चुकचुकली. टोकाच्या कोटाच्या कोपरावर ठिगळ होतं. वाकडं, टाके ओढलेलं. इतकं भिकार ठिगळ जगात एकच बाई लावते, ती मी.

"अहो, हा तुमचाच उद्योग ना?"

"अगं, माझी काय बिशाद!"

"मग तुमचा कोट तिथे कसा?"

"कुठे काय? माझा तर अंगात आहे."

मी फिल्म भिंगाखाली घेतली. कुठे कापलेली नाही, नवा तुकडा जोडलेला नाही. सगळी सारखीच पिवळी, सारखाच आंबट वास. लबाडी पकडायला बसले होते, ती काही सापडेना. लबाडी असती तर किती बरं झालं असतं!

"पुन्हा लावू नका. माझ्या गळ्याची शपथ."

"एकदाच गं. ते ठिगळ नीट बघू दे की."

मी रागाने हात धुवायला निघून गेले. आतून मशीनची घरघर आणि ह्यांचं हसणं. मग नुसती घरघर.

धावत आले.

पडद्यावर सगळे पाय झाडत होते, एक सोडून. ते हे होते. माझ्याकडेच बघत काहीतरी सांगत होते. मूकपट तो, ऐकू कसं येणार?

मशीन थांबवायला हात गेला. थांबवलं तर हे कुठे राहतील? हात तसाच राहिला.

इकडे मशीनजवळच्या खुर्चीत ह्यांचा कोट ताठ बसला होता. बटणं लावलेली, बाह्या रिकाम्या.

"अहो," मला रडू फुटलं, "पुरे ना आता. चला घरी."

कोट उठला. रोजच्यासारखं त्याने आधी मशीन बंद केलं.