ओडेसाचे सोमवार

अर्धं डोकं वेण्यांचं, अर्धं मोकळं... अशा अवतारात ओडेसा पार्लरमधून तरातरा निघाली आणि शेजारच्या चर्चमध्ये शिरली.

"अहो ऑर्गनवाले! देवाला पाच मिनिटं विश्रांती द्याल का? आमचं शूटिंग चाललंय."

ऑर्गनवरच्या उंच माणसानं वळून तिच्या डोक्याकडे पाहिलं. "उरलेलं अर्धं कधी?"

"तुम्ही थांबलात की!"

थॅडियस थांबला.

डेट्रॉइटातलं ते पार्लर ओडेसाच्या व्हर्लीनमावशीचं. सोमवारी ते बंद असे, म्हणून सिनेमा सोमवारीच बने. मावशीनं एकंदर सोळा सोमवार दिले होते. लेखिका, दिग्दर्शिका आणि नायिका ओडेसाच. चार काळ्या बायका वेण्या घालून घेतात आणि पोटभर हसतात, एवढीच गोष्ट. "यात मरतं कोण?" असं तीन निर्मात्यांनी विचारलं होतं. कोणीच मरत नाही म्हटल्यावर तिघांनाही फार वाईट वाटलं.

तह झाला. खिडकीत लाल टॉवेल दिसला की थॅडियसनं थांबायचं, काढला की वाजवायचं.

सहाव्या सोमवारी तो थांबला तो थेट पार्लरच्या दारात आला.

"आत्ता कोणता प्रसंग चाललाय?"

"गोड, गरम पीच कॉब्लर खाण्याचा."

"कॅमेरा तर झाकलेला दिसतोय."

"तालीम आहे. बसा... हा घ्या चमचा."

त्यानंतर तालमी फार वाढल्या. "टॉवेल उन्हानं विटायला लागलाय गं," मावशी म्हणाली. ओडेसानं ऐकलं नाही. तिला एरवी शेजारच्या गल्लीतली शिंकसुद्धा ऐकू येई.

सोळाव्या सोमवारी शेवटचा प्रसंग झाला. दिवे उतरवले, तारा गुंडाळल्या, मंडळी गेली. टॉवेल मात्र खिडकीतच होता. पलीकडे ऑर्गन गप्प. दहा मिनिटं... वीस मिनिटं...

शेवटी थॅडियस दारात उभा राहिला. "टॉवेल काढायचा राहिला वाटतं?"

"राहिला नाही. मी काढला नाही."

"का?"

ओडेसानं सोळा सोमवार इतरांचे संवाद लिहिले होते. स्वतःचा सापडायला वेळ लागला.

"काढला की तू वाजवायला लागतोस," ती म्हणाली, "आणि वाजवायला लागलास की... इकडे येत नाहीस."

'तुम्ही'चं 'तू' झालेलं दोघांच्याही लक्षात आलं. मावशीच्या तर सगळंच केव्हाच लक्षात आलं होतं.

"पुढच्या सोमवारी काय करतेस?" त्यानं विचारलं.

"शूटिंग संपलं."

"म्हणून तर विचारतोय."

"मग चमचा तुझा तू आण," ओडेसा म्हणाली.

"आणि टॉवेल इकडे द्या," मावशी आतून ओरडली, "उद्या गिऱ्हाइकं आहेत माझी!"