आईटिकली

हेमाताईंनी पाळणाघरातल्या प्रत्येक पोराच्या कानामागे तिटेसारखी काळी टिकली चिकटवली. ती बनवणाऱ्या कंपनीच्या लेखी ती ‘श्रुतिबिंदू’. पोरांनी तिचं नाव आईटिकली ठेवलं होतं. समोरच्या बर्फाच्या कारखान्यातून अमोनिया गळलाच, तर टिकली वाऱ्याची दिशा पाहून दार निवडायची आणि प्रत्येकाला त्याच्याच आईच्या आवाजात तिकडे बोलवायची. भोंगा वाजला की कॉटखाली लपणारी पोरं या हाकेमागे मात्र मुकाट चालायची.

“टिकलीत आवाज भरताना गोड बोला गं,” हेमाताईंनी आयांना बजावलं होतं. तरी उरलेला वैताग यंत्रानं गाळून टाकला होता.

“माझंच बोलणं ऐकून मला माझी माया आली,” असं म्हणून रुंजीची आई दर्शना हसली होती. ती कारखान्याशेजारच्या शेडमध्ये कोळंबी सोलायची.

आज सराव नव्हता. तरी दुपारी नाकात काहीतरी झोंबलं आणि टिकल्या बोलू लागल्या. झोपेतून उठलेली पोरं मागच्या दाराकडे वळली. हेमाताई तान्ह्याला कडेवर घेऊन त्यांच्यामागे निघाल्या, तोच पुढच्या दारातून दर्शना आत घुसली. तोंडाला ओढणी, हातात ओले हातमोजे तसेच.

“रुंजे, इकडे ये. ये म्हणते ना!”

रुंजीनं वळून पाहिलं. कानामागे बोट ठेवलं. मग आईकडे पाठ फिरवून मागच्या दारानं चालू लागली.

“दर्शना, तिच्यामागनं चल. वारा पुढनं येतोय,” हेमाताई ओरडल्या.

शाळेच्या मैदानात सगळी पोरं सुखरूप पोचली. दर्शना खोकत लेकीसमोर बसली.

“मी हाक मारली ना तुला?”

“आई बोलवत होती.”

“मग मी कोण?”

रुंजीनं थोडा विचार केला. “तू पण आई. ओरडणारी.”

“पोर वाचली ना,” हेमाताई म्हणाल्या. “मनाला लावून घेऊ नकोस.”

“तेच तर. तिनं माझं ऐकलं असतं तर दोघी संपलो असतो. हे सांगू कुणाला?”

हेमाताई टिकल्या काढू लागल्या. रुंजीनं कान हातानं झाकून घेतला. दर्शना बघत राहिली.

“ताई, हिच्या टिकलीत माझा दुसरा आवाज भरता येईल? चिडलेला, दमलेला?”

“येईल की,” हेमाताई म्हणाल्या. हाताखालच्या पोराची टिकली निघता निघेना. “पण त्या आवाजामागे ती चालेल का गं?”