पडद्यावरचा ‘हो’

किर्यू गावच्या चित्रपटगृहात पडद्याशेजारी बसून मूकपटांना आवाज देण्याचं काम मी एकवीस वर्षं करतोय. बाप मीच, लेक मीच, रडणारी आईही मीच. दिवसाला तीन खेळ. आता घसा गरम पाण्यावर चालतो, आणि जीव कशावर चालतो ते माहीत नाही.

या उन्हाळ्यात एका सामुराई घराण्याचा पट लागला. लढाईतून पळून आलेला मुलगा बर्फात दाराशी उभा राहतो. बाप म्हणतो, “घराण्याची अब्रू घालवलीस. परत जा.” मुलगा वाकतो, ओठ हलवतो. तिथे मी म्हणायचो, “हो, बाबा.” लोक डोळे पुसायचे.

एका दुपारी खेळ संपल्यावर ओतोसेआजी थांबली. तिचा जन्म यंत्रमागावर गेलेला. त्या खडखडाटात बायका एकमेकींचे ओठ वाचूनच बोलतात.

“मास्तर, रोज थापा मारता. तो ‘हो’ म्हणतच नाही.”

“मग काय म्हणतो?”

“‘बाबा, पाय बधिर झालेत… एकच रात्र झोपू द्या…’ मेला बाप दगडच.”

तीन हिवाळ्यांपूर्वी माझा मुलगा शिगेओ पलटणीतून पळून आला, तेव्हा दारात हेच म्हणाला होता, याच शब्दांत. मी त्याला घालवून दिलं. सकाळी तो नदीत सापडला. ‘हो बाबा’ म्हणून ताठ मानेने गेला, असं मी गावाला सांगितलं. खरं ऐकणारा मी एकटाच होतो.

दुसऱ्या दुपारी तो प्रसंग आला आणि मला ‘परत जा’ म्हणवेना. फार थकलो होतो.

“ये…” मी म्हणालो, “आत ये. झोप.”

लोक कुरकुरले. मुलगा एरवी बर्फात चालू लागतो. त्या दिवशी तो खाली वाकून गवती चपलांचे बंद सोडू लागला… आणि रीळ तुटलं.

“गेला आत,” अंधारात ओतोसेआजी पुटपुटली.

संध्याकाळी घरी आलो. आमच्यात चपला काढल्या की तोंडं बाहेर करून ठेवतात. शिगेओ कधीच वळवायचा नाही. त्यावरून किती बोलणी खाल्ली त्याने. उंबऱ्याशी गवती चपला होत्या, तोंडं घराकडे. त्यांच्यावर बर्फ.

त्याने एकच रात्र मागितली होती. आज अकरावा दिवस. मी चित्रपटगृहातच निजतो. रोज सकाळी घरी डोकावतो. चपला तशाच, आणि या उकाड्यातही बर्फ वितळत नाही. उंबऱ्यावरून ‘शिगेओ, ऊठ’ म्हणायला जातो… ओठ हलतात, आवाज येत नाही.