कासवाचा तात्पुरता आवाज

कॅलिफोर्नियात, क्युपर्टिनोतल्या आमच्या अपार्टमेंटच्या पार्किंगमध्ये, बंद गाडीत बसून मी कासवाच्या आवाजात हुंदके देत होते... तेवढ्यात काचेवर टकटक झाली. बाहेर पाऊस भुरभुरत होता. भाजीची पिशवी घेतलेल्या एका मुलानं इंग्रजीत विचारलं, ठीक आहात ना? मी दचकून "अगं बाई" म्हणाले आणि पुढचं सगळं मराठीतच झालं.

मी लहान मुलांच्या कार्टून मालिका लिहिते. चित्रं काढणाऱ्यांना वेळेचा अंदाज यावा म्हणून आमच्याकडे लेखकच पात्रांचे तात्पुरते आवाज देतात; खरे कलाकार नंतर येतात. बाहेरचा आवाज येऊ नये म्हणून मी ते बंद गाडीत रेकॉर्ड करायचे. माझं कासव सर्दी झालेल्या मांजरासारखं वाटायचं. काचेवर टकटक करणाऱ्या या नागपूरच्या सॉफ्टवेअरवाल्याचं नाव संग्राम, पण आवाज इतका संथ, खोल, की मी निर्लज्जपणे त्याला शेजारी बसवलं आणि संवाद हातात दिले.

मग दर शनिवारी तो येऊ लागला. कासव कधीच कसं चिडत नाही, लेखिकेवर गेलं नाही वाटतं, असं चिडवायचा. मी कासवाला गरजेपेक्षा जास्त वाक्यं देऊ लागले. का, ते मला पक्कं ठाऊक होतं.

आणि लॉस एंजेलिसच्या स्टुडिओतून नोकरी आली. कॉलेजपासून जिची वाट पाहिली, ती. संग्राम नुसतं अभिनंदन म्हणाला आणि कासवाचा पुढचा संवाद वाचू लागला. मला राग आला. शेवटच्या भागात चिमणी दूर देशी निघते, तिला कासव म्हणतं – जाऊ नकोस. कथेला त्या वाक्याची गरज नव्हती, मला होती.

त्यानं ते वाचलं आणि रेकॉर्डिंग बंद केलं.

"हे मी नाही म्हणणार, गिरिजा."

मी कागद परत घ्यायला हात पुढे केला, पण त्यानं तो सोडला नाही.

"तुला जायचंय, दिसतं ना मला. मी अडवलं आणि तू थांबलीस, तर... यार, ते रोज तुझ्या चेहऱ्यावर बघावं लागेल." त्यानं कागदाची घडी घालून खिशात ठेवली. "मी येत जाईन ना. वीकेंडला ड्राइव्ह करेन. मला तसंही पॉडकास्ट ऐकायचे असतात... तू आवडतेस मला. खूप."

पॉडकास्टचं वाक्य माझ्या संवादांत असतं, तर मी ते पहिल्या झटक्यात उडवलं असतं. आता मात्र मी त्याचा हात धरला.

"मलाही तू आवडतोस," मी म्हटलं, "आणि मी जाणार आहे."

दोन्ही एकाच दमात म्हणता येतं, हे तोवर मला माहीत नव्हतं.